डावीकडची तीन शून्यं

त्या दवाखान्यात तिचं काम गुण देण्याचं होतं, आणि तिच्या परीक्षेत ज्याला शून्य मिळे तो हसत घरी जाई. पक्षाघाताचा झटका आलेला माणूस तातडीच्या विभागात आला की तिला बोलावणं जायचं. ती यायची, पडदा ओढायची आणि विचारायला लागायची. महिना कोणता, वय किती, डोळे मिटा, मूठ वळा, माझ्या बोटाकडे बघा, दात दाखवा, दोन्ही हात पुढे धरा. जे जमणार नाही त्याचे गुण. जितके गुण जास्त तितका मेंदूतला घाव मोठा. बेचाळीसपर्यंत जायची सोय होती, पण तिथवर पोचलेल्या माणसाला फारसं काही विचारावं लागत नसे.

नव्या नर्सेसना हे काम शिकवायचीही तीच. तिचे नियम थोडे होते आणि पाठ झाल्याशिवाय ती कुणाला पेशंटजवळ फिरकू देत नसे. पेशंट जे करतो ते लिहायचं, करू शकेल असं आपल्याला वाटतं ते नाही. पहिलं उत्तर तेच उत्तर. मदत करायची नाही, भुवईसुद्धा उचलायची नाही. एकदा एका शिकाऊ मुलीनं एका आजोबांचा खाली घसरणारा हात नुसता बोटानं सावरला, तर हिनं तिला सगळं शिक्षण पहिल्यापासून घ्यायला लावलं. तिच्याच बरोबरीनं हे काम करणारा एक जुना नर्स होता. बोलायला लागला की धडा दिल्यासारखा बोलायचा म्हणून सगळे त्याला मास्तर म्हणत. तो म्हणाला होता, "बाई, तुमच्यापुढे उद्या देव आडवा झाला तरी तुम्ही त्याला आधी वय विचाराल."

"आणि चुकीचं सांगितलं तर एक गुण देईन," ती म्हणाली होती.

आणखीही एक नियम होता. तो ती शेवटी, वही मिटता मिटता सांगायची, कारण तो कुणाला लागेल असं वाटायचं नाही. आपल्या माणसाला आपण गुण द्यायचे नाहीत.

घरी तिचा मोठा भाऊ तिला फूटपट्टी म्हणायचा. पण या फूटपट्टीला एक गोष्ट काही केल्या सरळ मोजता येत नव्हती. ती म्हणजे वहिनी.

वडील गेल्यावर आई कुठे राहणार हा प्रश्न आला, तेव्हा हिनं आपल्या दोन खोल्यांतली एक आईसाठी रिकामी करून ठेवली होती. पडदेसुद्धा लावले होते. आई येऊन बघून गेली, पडद्यांचं कौतुक केलं आणि म्हणाली, "तू दिवसभर दवाखान्यात. मी काय पडद्यांशी बोलू?" ती दादाकडे राहायला गेली. पहिलं वर्षभर रोज संध्याकाळी आईचा फोन यायचा. वहिनीला भांडी आपटायची सवय आहे, वहिनी दिवे चालू ठेवते, वहिनी मोठ्यानं हसते. ते दिवस फार चांगले होते. ती आईला समजवायची, "जाऊ दे गं, नवीन आहे," आणि समजवताना तिला इतकं बरं वाटायचं की फोन ठेवल्यावर ती गुणगुणायची.

मग तक्रारी आटल्या. मग फोन आटले. आणि मग रविवारी भेटायला गेलं की आईच्या तोंडी एक नवीच सुरुवात येऊ लागली, "सूनबाई म्हणते." सूनबाई म्हणते गुडघ्याला शेक घे. सूनबाई म्हणते हा रंग तुम्हाला शोभतो. औषधाची वेळ लेकीनं सांगितली तर आई म्हणायची, "थांब, सूनबाईला विचारते." लेकीनं घेतलेली राखाडी लोकरीची शाल पुढच्या रविवारी वहिनीच्या खांद्यावर दिसली. "तिला सर्दी झाली होती गं," आई म्हणाली, जणू सर्दीपुढे सगळ्या गोष्टी माफ असतात.

वहिनी वाईट असती तर बरं झालं असतं. वाईट माणसाचा राग राग करता येतो, चांगल्या माणसाचं काय करायचं? वहिनी घरी बसून शाळांचे गणवेश शिवायची. तिच्या अंगाला कायम दोऱ्याचे तुकडे चिकटलेले असायचे. नणंद आली की मशीन थांबवून उठायची, "या वन्सं, बसा," म्हणायची, आणि मायलेकींना बोलता यावं म्हणून आपण होऊन आतल्या खोलीत जायची. तेवढ्यात आई हाक मारायची, "अगं, तूही ये की बाहेर."

त्या दिवशी दुपारी खालून फोन आला तेव्हा ती वरच्या मजल्यावर शिकाऊ मुलींना हात पुढे धरायला शिकवत होती. "सिस्टर, खाली या. तुमच्या आई आहेत."

जिना कसा उतरली ते तिला कळलं नाही. ड्यूटीवरचा डॉक्टर तरुण होता आणि तिला वचकून असायचा. तो भराभर सांगू लागला. जेवण झाल्यावर आईच्या हातून पेला सुटला, तोंड वाकडं झालं, शब्द जड झाले. स्कॅन झालाय, रक्तस्राव नाही. म्हणजे गुठळी. "पण तुमच्या वहिनींनी कमाल केली हं. झटका नेमका कधी आला ते सांगितलं, क्षणाचाही वेळ घालवला नाही, आणि चालू गोळ्यांची सगळी पाकिटं बरोबर आणली. असे नातेवाईक रोज मिळायला पाहिजेत."

चेहरा, हात, बोलणं, या तीन खुणांचा तक्ता दादाच्या फ्रिजवर हिनंच आपल्या हातानं चिकटवला होता. तक्ता माझा आहे, असं तिला सांगावंसं वाटलं. आई तिकडे आडवी पडलेली असताना आपल्याला हे सुचतंय, याची तिला लाज वाटली, पण वाटायचं काही थांबलं नाही.

"गुठळी विरघळवायचं इंजेक्शन?" तिनं विचारलं.

"देता येणार नाही. हृदयाच्या ठोक्यांसाठी त्या रक्त पातळ करायची गोळी घेतात, आज सकाळीही घेतलीय." ते तिला माहीत होतं. तरी तिनं विचारलं होतं. "राहिला एकच मार्ग. मोठ्या दवाखान्यात नेऊन जांघेतून नळी घालायची आणि गुठळी ओढून काढायची. तिथले तज्ज्ञ फोनवर आहेत. त्यांचा पहिला प्रश्न तुम्हाला ठाऊकच आहे."

ठाऊक होता. गुण किती? सहा किंवा सहाच्या वर असतील तर अँब्युलन्स निघणार, कारण मग मेंदूची मोठी रक्तवाहिनी बंद असण्याची शक्यता जास्त. सहाच्या खाली असतील तर इथेच ठेवा, लक्ष ठेवा.

"मास्तर दुसऱ्या पेशंटबरोबर स्कॅनला गेलेत," डॉक्टर म्हणाला. "येतीलच. थांबूया का?"

"थांबायला वेळ कुठे आहे? मी करते."

हे खरं होतं. थांबायला वेळ नसतोच. पण पडदा बाजूला सारून ती आत गेली आणि तिला दिसलं की वहिनी आईचा हात हातात घेऊन उभी आहे. तेव्हा तिच्या मनात हेही आलं, की बघू दे हिला. आईसाठी कुणाला काय करता येतं ते आज बघू दे.

कॉट भिंतीजवळ होती. भिंतीकडच्या चिंचोळ्या जागेत, आईच्या डावीकडे, यंत्राच्या आणि कॉटच्या मध्ये वहिनी अंग चोरून उभी होती. दाराकडची बाजू उजवी. ती नेहमी पेशंटच्या उजव्या हाताला उभी राहायची, तशीच आजही राहिली. आईचं तोंड दाराकडेच होतं. जिवणीचा डावा कोपरा उतरला होता. पण लेक दिसल्याबरोबर डोळे चमकले.

"आलीस?" जिभेत अडखळत आई म्हणाली. "कितीतरी वेळ तुझीच वाट बघतेय."

किती वर्षांनी! तिनं पेन काढलं.

महिना बरोबर आला. वय आईनं बरोबर सांगितलं आणि वर म्हणाली, "हळू लिही, सगळ्यांना कशाला कळायला पाहिजे?" तोंडाचा एक गुण. डावा हात पुढे धरल्यावर हळूहळू उतरला, पण गादीला टेकला नाही. त्याचा एक. पाय ठीक. जड जिभेचा एक. टाचणी टोचली तर डावीकडे बोथट लागत होती. त्याचा एक.

मग नजर. "आई, डोकं हलवू नकोस. बोटाकडे बघ." बोट उजवीकडे गेलं, डोळे गेले. बोट डावीकडे सरकलं, डोळे मध्यापर्यंत आले, जरा पुढे गेले आणि परत फिरून लेकीच्या चेहऱ्यावर टेकले. तिनं पुन्हा केलं. पुन्हा तेच. आईला माझ्या चेहऱ्यावरून डोळे काढवत नाहीत, असं तिला वाटलं, आणि तिथे तिनं शून्य लिहिलं.

मग दोन हात दोन बाजूंना धरून तिनं विचारलं, "किती बोटं?" उजवीकडे दोन होती, डावीकडे एक.

"दोन."

"नीट बघ. सगळी मिळून?"

"दोनच. मी काय आंधळी आहे?"

आईचा हा ठसका ओळखीचा होता. तिनं डावीकडचा हात जरा आत आणला, अगदी आईच्या नाकासमोर. "आता?" "आता तीन," आई म्हणाली. जिनं एका बोटाच्या आधारापायी एका मुलीला पहिल्यापासून शिकायला लावलं होतं, ती स्वतः हात सरकवून बसली होती आणि तिच्या ते लक्षातही आलं नाही. दुसरं शून्य.

शेवटी तिनं आईला डोळे मिटायला सांगितले आणि दोन्ही हातांना एकाच वेळी हलकेच स्पर्श केला. "कुठे हात लावला?"

"उजवीकडे." मिटल्या डोळ्यांनी आई हसली, अर्ध्या तोंडानं. "तुझा हात आहे. तुझा हात मला झोपेतसुद्धा कळेल."

तिला पलीकडे बघण्याचा मोह आवरला नाही. वहिनीनं ऐकलं होतं. वहिनीच्या गालावरून पाणी वाहत होतं आणि तिनं पकडलेल्या आईच्या डाव्या हाताकडे आईचं लक्षही नव्हतं. डावीकडे स्पर्श बोथट आहे, त्याचा एक गुण आधीच दिलाय, एकाच गोष्टीचे दोनदा कशाला, असा विचार तिनं केला. विचार शास्त्राला धरून वाटत होता. तिसरं शून्य.

बेरीज चार आली.

डॉक्टरनं तज्ज्ञांना कळवलं. चार असतील तर तिथेच ठेवा, काही बदललं तर सांगा, असं उत्तर आलं. डॉक्टरनं तिच्याकडे बघून अंगठा वर केला. चार म्हणजे किरकोळ. तिनंही सुस्कारा सोडला.

"चार म्हणजे चांगलं ना, वन्सं?" वहिनीनं विचारलं.

"शंभरातले नाहीत ते, वहिनी."

"तसं नाही हो. म्हणजे आई बऱ्या होतील ना? घरातून निघाल्यापासून माझ्याशी बोलल्याच नाहीत. एक शब्द नाही. अँब्युलन्समध्ये मी इथेच, याच बाजूला बसले होते. मी म्हणतेय आई, आई, आणि त्या आपल्या त्या अटेंडंटशी बोलतायत. रागावल्यात का माझ्यावर?"

"दमलीय ती," लेक म्हणाली. तिच्या आवाजात मध होता आणि तो कुठून आला ते तिला पक्कं ठाऊक होतं.

तेवढ्यात आईनं तिचा हात धरला. "सूनबाई कुठे आहे गं? आली नाही का बरोबर?"

वहिनी वाकली. "आई, मी इथेच आहे!"

आईनं ऐकलं. ऐकलं असं दिसलं तरी, कारण कपाळाला आठी पडली. पण ती शोधत राहिली उजवीकडे, लेकीच्या खांद्यामागे, दाराच्या पडद्यात. मग नाद सोडल्यासारखी पुन्हा लेकीकडे वळली. "नसेल आली. तुझी बोटं किती गार आहेत. जेवलीस का?"

आपल्या मनात काय झालं हे लेकीला नंतरही नेमकं आठवत होतं. आधी आनंद झाला. निव्वळ, नितळ आनंद. इतक्या वर्षांनी आईला दोघींतली एक दिसत होती आणि ती एक ती स्वतः होती. 'अगं, ती तुझ्या शेजारी उभी आहे' एवढं एकच वाक्य म्हणायचं होतं. ते तिनं म्हटलं नाही. उलट म्हणाली, "वहिनी, तुम्ही जरा बाहेर बसा. दादाला फोन लागतोय का बघा. तिला गोंधळल्यासारखं होतंय."

वहिनीनं आईचा हात गादीवर ठेवला, डोळे पुसले, आणि यंत्राच्या तारा ओलांडत ती निघाली. दाराकडे जायला वाट एकच होती, कॉटच्या पायथ्यावरून. ती डावीकडून निघाली, पायथ्याशी आली, मध्य ओलांडला.

"अगं बाई!" आई एकदम म्हणाली. सगळा चेहरा, निदान जेवढा हलत होता तेवढा, उजळला. "कुठे होतीस इतका वेळ? मी विचारतेय हिला मघापासून. ये, इकडे ये. पाणी प्यायलीस का काही?"

वहिनी हसत-रडत उजवीकडे धावली. लेकीला बाजूला व्हावं लागलं. आईनं लेकीचा हात सोडला आणि सुनेचा धरला. लेकीला एक घाव बसला, आणि त्याच घावाखाली तिला सगळं कळलं.

मेंदूच्या उजव्या भागात मोठी इजा झाली की कधी कधी माणसाचं डावीकडचं जगच पुसलं जातं. डोळे धड असतात, कान धड असतात, पण डावीकडे काही असू शकतं हेच मेंदू विसरतो. असा माणूस ताटातलं अर्धंच जेवतो, अर्धाच चेहरा धुतो आणि दाखवून दिलं तर चिडतो. हे ती शिकाऊ मुलींना दर महिन्याला सांगायची. वर हेही सांगायची, की असले पेशंट गोड बोलतात, विनोद करतात, म्हणून त्यांना हटकून कमी गुण दिले जातात. तेव्हा सावध राहा.

आई तिच्याकडे बघत नव्हती. आई उजवीकडे बघत होती. उजवीकडे ती उभी होती, एवढंच.

तरी तिला खात्री करून घ्यायची होती. का, ते तिला सांगता आलं नसतं. शास्त्रासाठी म्हणावं तर खात्री झालीच होती. ती पायथ्यावरून वळसा घालून भिंतीकडच्या चिंचोळ्या जागेत गेली, वहिनी मघाशी उभी होती तिथे, आणि हाक मारली, "आई."

आईनं वहिनीला विचारलं, "ही गेली का?"

"नाही आई, त्या तिकडे..."

"गेलीच असेल. तिला कामं असतात. मी काय म्हणते, तू मशीन बंद करून आलीस ना?"

लेक पडदा सारून बाहेर आली आणि तिनं अख्ख्या विभागाला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, "मास्तर आले का?"

मास्तर नुकताच स्कॅनमधून परतला होता. हात धूत होता.

"माझी आई आत आहे. तिला गुण द्या. आत्ता."

"तुम्ही दिले नाहीत होय?"

"दिलेत."

"किती?"

"सांगणार नाही. तुम्ही तुमचे द्या."

मास्तरनं एकवार तिच्याकडे नीट बघितलं, ओले हात तसेच झटकले आणि आत गेला. ती पडद्याबाहेर उभी राहिली. आत जायला पाय उचलत होते, पण ती गेली नाही. तिला मास्तरचा संथ आवाज ऐकू येत होता, आणि मध्येच आईचा, "किती वेळा तेच तेच विचारता? आत्ताच तर माझ्या मुलीनं घेतली परीक्षा. पास झाले मी." मास्तर म्हणाला, "मी जरा कडक आहे, आजी."

बाहेर आला तेव्हा तो धडा देत नव्हता. "नऊ," म्हणाला. "नजर उजवीकडे ओढलेली, हाक मारली तर मध्यापर्यंत येते. एक. डावीकडचं अर्धं दिसत नाही, दोन. डावीकडे पूर्ण दुर्लक्ष, दोन. बाकी चार." त्यानं तिच्या हातातला कागद घेतला, तिची तीन शून्यं पाहिली आणि कागद परत दिला. त्यानं टोमणा मारला असता तर तिला बरं वाटलं असतं.

डॉक्टरनं पुन्हा फोन लावला आणि तिच्याच हातात दिला. पलीकडचा आवाज घाईत होता. "मघाशी चार सांगितले, आता नऊ. म्हणजे वाढतंय?"

हो म्हणायला काहीच लागत नव्हतं. झटका असा वाढतो, रोज वाढतो. कुणी विचारलं नसतं. पण वाढत असलेल्या पेशंटची वाट वेगळी असते. आधी पुन्हा स्कॅन, रक्त तर आलं नाही ना ते पाहायला, आणि तेवढ्यात आणखी मेंदू जातो.

"नाही," ती म्हणाली. "वाढलेलं नाही. पहिल्यापासून नऊच होते. मी चुकीचे लिहिले."

"कोण बोलतंय?"

"गुण देणारी. पेशंटची मुलगी."

मग आवाज म्हणाला, "निघा."

मोठ्या दवाखान्याला जायची अँब्युलन्स वेगळी होती, तीत एकच नातेवाईक बसणार होता. बाकडं पेशंटच्या उजव्या हाताला होतं. डावीकडे नुसती कपाटं. डॉक्टरनं गृहीतच धरलं होतं की तीच जाणार, घरचीही आणि दवाखान्यातलीही. तीही पायरीपर्यंत गेली. पण आई सारखी उठायला बघत होती. डावा हात नीट चालत नाही हे तिला पटतच नव्हतं. "मला काही झालेलं नाही, मला घरी सोडा," म्हणत ती पट्टा ओढत होती. लेकीनं दोनदा समजावलं. आई म्हणाली, "तू नको मला शिकवू." मग वहिनी दारातून म्हणाली, "आई, माझी शिलाई अर्धी टाकून आलेय हं मी. तुम्ही गप पडून राहिलात तर लवकर परत जाऊ." आणि आई गप पडली.

लेक पायरीवरून खाली उतरली. "तुम्ही बसा," ती वहिनीला म्हणाली.

"अहो पण वन्सं, तुम्हाला त्यातलं कळतं. मी काय करणार?"

"बोलत राहा. याच बाजूनं. दुसरं काही करू नका."

"मघाशी त्या तुमच्याशीच बोलत होत्या..."

"वहिनी, बसा म्हटलं ना!"

दार लागलं. गाडी गेली. ती मागून मास्तरच्या स्कूटरवर गेली आणि वाटभर तिला दिसत होती ती एकच गोष्ट, बंद दारामागे आई आणि वहिनी, समोरासमोर, बोलत असलेल्या.

गुठळी निघाली. बोटाच्या पेराएवढी होती, तज्ज्ञांनी बाटलीत घालून दाखवली. दादा कारखान्यातून पाळी सोडून धावत आला होता. तो बाटलीकडे बघून म्हणाला, "एवढीशी?" आणि बाकावर बसून लहान मुलासारखा रडला. हात परत आला, जीभ बरीचशी सुटली. डावी बाजू मात्र एकदम परत येत नसते. तिला हाका मारून आणावं लागतं.

चौथ्या दिवशी सकाळी थेरपिस्ट बाई आल्या आणि घरच्यांना समजावून सांगू लागल्या. आजींना उजवीकडचं आपसूक दिसतं, त्याची काळजी नको. पण कुणीतरी रोज डावीकडे बसायला हवं. तिकडून बोलायचं, तिकडून हाक मारायची, त्यांनी मान वळवेपर्यंत थांबायचं. "कंटाळवाणं काम आहे. त्या ओ देणार नाहीत, रागावतीलसुद्धा. कोण बसेल?"

"मी बसते ना," वहिनी लगेच म्हणाली. "मला कुठे राग येतो?"

"नाही," लेक म्हणाली. "मी बसणार."

ती दांडगाईनं बोलली होती. दादानं चमकून बघितलं. वहिनीला वाटलं, वन्सं त्याग करतायत. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तो त्याग नव्हता. आईची आपसूक नजर तिला एकदा मिळाली होती आणि ती कशाची होती ते कळलं होतं. आता जी मिळेल ती मान वळवून मिळालेली हवी होती. आणि ती वहिनीच्या वाट्याला पहिल्यांदा जावी हे तिला मुळीच सहन होणार नव्हतं.

तिनं खुर्ची डावीकडे ओढली. वहिनी उजवीकडे बसली. आईनं आपला हात सुनेच्या हातात ठेवला आणि गणवेशाच्या कापडाचं काय झालं ते विचारू लागली.

"आई," डावीकडून हाक आली.

आई थबकली. "कोण बोलतंय गं?" तिनं सुनेला विचारलं.

"तुमची लेक."

"मग आडून काय बोलते? समोर यायला सांग."

"या ना वन्सं," वहिनी म्हणाली. "दिसाल तरी त्यांना."

"नाही येणार. आई, तू वळ."

आईचे डोळे हलले. मध्यावर आले, छताच्या दिव्यापाशी घुटमळले, जरा पुढे सरकले, आणि पुन्हा उजवीकडे परतले. "बघितलंस?" ती सुनेला म्हणाली. "पहिल्यापासून अशीच हट्टी. स्वतःहून एक पाऊल हलणार नाही."

वहिनी मोठ्यानं हसली, दिवसभर शिलाईच्या खोलीत हसायची तशी, आणि आईही हसली. लेकीनं त्या दोघींच्या गुंफलेल्या हातांकडे पाहिलं. तिनं खुर्ची आणखी जवळ घेतली, उशीच्या डाव्या कडेला टेकवली, आणि म्हणाली, "आई, इकडे."